आन्ना मान्यानी: कुठून सुरुवात करावी, काय पाहावं, काय ऐकावं

कौशिकी

इटालियन अभिनेत्री म्हटलं की गप्पा सोफिया लॉरेनपासून सुरू होतात आणि मोनिका वित्तीपाशी संपतात. आन्ना मान्यानीचं नाव येतं ते एकाच प्रसंगापुरतं: 'रोम, ओपन सिटी'त जर्मन ट्रकमागे धावणारी आणि भर रस्त्यात गोळी लागून कोसळणारी पिना. तिच्याबद्दल लिहिताना 'ज्वालामुखी', 'आदिम', 'हा अभिनय नव्हेच, हा स्वभाव' ही विशेषणंही ठरलेली. या विशेषणांनी तिचं नुकसान केलंय असं माझं ठाम मत आहे. ती शिकलेली, तालमीत तयार झालेली नटी होती. पडद्यावर जे उसळून आल्यासारखं वाटतं, त्यामागे श्वास कुठे घ्यायचा, कुठल्या शब्दावर पाठ फिरवायची, हात कधी खाली सोडायचा याचा चोख हिशेब आहे.

आधी थोडी पार्श्वभूमी. जन्म ७ मार्च १९०८, रोम. वाढवलं आजीने. रोममधल्या एलेओनोरा दुझेच्या नावाच्या नाट्यशाळेत रीतसर शिक्षण, मग नाटक कंपन्यांमधून लहान भूमिका आणि नाइट क्लबात गाणं. चित्रपटात १९३४च्या 'ला चिएका दि सोर्रेंतो'पासून दिसते, पण पुढची दहा वर्षं कॅमेऱ्याला तिचं काय करावं ते कळलं नाही. तेव्हाच्या इटालियन पडद्याला गुळगुळीत चेहरे हवे होते. १९४१च्या 'तेरेझा वेनेर्दी'त दिग्दर्शक डि सिकाने तिला लोलेत्ता प्रीमा नावाची वरायटी गायिका दिली. भूमिका लहान, पण ती आली की बाकीचे फिके पडतात. १९४०पासून विनोदी नट तोतोबरोबर रंगमंचावर रेव्ह्यू, म्हणजे नाच, गाणी, चुटके आणि चालू घडामोडींवरची टोलेबाजी. १९४५ला पिना. तेव्हा ती छत्तिशीत होती.

पाहण्याचा क्रम मी असा सुचवेन: आधी 'बेल्लिस्सिमा' (१९५१), मग 'रोम, ओपन सिटी', मग 'लामोरे' (१९४८), 'द गोल्डन कोच' (१९५२), 'द रोझ टॅटू' (१९५५) आणि शेवटी 'मम्मा रोमा' (१९६२). 'रोम...'ने सुरुवात करू नका याचं कारण साधं आहे. पिना साधारण मध्यावर मरते आणि नंतरचा चित्रपट तिच्याविना चालतो. तो अनेकांचा चित्रपट आहे. 'बेल्लिस्सिमा'त ती पहिल्यापासून शेवटपर्यंत आहे आणि शिवाय तो चित्रपट अभिनयाबद्दलच आहे.

उंबरठा

धागा उत्तम. वाचनखूण साठवली.

एक शंका. इटालियन चित्रपटांत आवाज नंतर भरतात असं ऐकलंय. मग जो आवाज आपण ऐकतो तो तिचाच का?

रिळवाला

@उंबरठा, प्रश्न महत्त्वाचा आहे. इटलीत त्या काळात चित्रीकरणाच्या वेळचा आवाज एक तर घेतच नसत, किंवा फक्त खुणेपुरता घेत. नंतर अंधाऱ्या स्टुडिओत चित्रपटाचे छोटे छोटे तुकडे टोकाला टोक जोडून वळ्यासारखे करत. तेच तेच दृश्य पडद्यावर फिरत राही आणि नट समोरच्या घोडीवर कागद ठेवून ओठांशी जुळेपर्यंत वाक्य म्हणत असे. यात दोन गोष्टी बिघडतात. ओठ जुळवण्याच्या नादात वाक्याची लय सपाट होते. दुसरं म्हणजे माणूस वीस फुटांवर असो की दोन, आवाज तेवढ्याच जवळून येतो.

कित्येक नट्यांचा आवाज तर दुसरीचाच असे. क्लाउदिया कार्दिनालेचा स्वतःचा घोगरा आवाज इटालियन चित्रपटात पहिल्यांदा ऐकू आला तो फेलिनीच्या '८½'मध्ये, १९६३ साली. तोवर तिच्या तोंडी इतरांचे आवाज होते.

'रोम, ओपन सिटी' पूर्ण मूक चित्रित झाला. पैसेही नव्हते, यंत्रंही नव्हती. आवाज नंतर चढवले. काही पात्रांचे आवाज व्यावसायिक डबिंग कलाकारांचे आहेत, पण मान्यानी आणि पाद्री डॉन पिएत्रो करणारा आल्दो फाब्रित्सी यांचे आवाज त्यांचेच. डबिंगमध्येही ती लय सपाट होऊ देत नाही हे ऐकण्यासारखं आहे. ती वाक्याच्या मध्ये हुंकार, उसासा, तुटका श्वास भरते. ओठ बंद असतानाचा आवाज जुळवावा लागत नाही, त्यामुळे तिला तिथे मोकळीक मिळते. बेकरीवरच्या दंग्यानंतर ती जिना चढते तो प्रसंग हेडफोन लावून ऐका.

म्हणून पहिला नियम: इंग्रजी डब केलेली प्रत अजिबात घेऊ नका. मूळ इटालियन आवाज आणि खाली उपशीर्षकं, एवढंच चालेल. अपवाद 'द गोल्डन कोच' आणि अमेरिकन चित्रपट. त्यांच्याबद्दल कुणीतरी लिहीलच.

सागवान

रिळवाला यांना जोड. 'रोम...'चं चित्र कुठे लख्ख तर कुठे धुरकट दिसतं. यावर बरीच वर्षं एक कथा सांगितली जायची की दिग्दर्शक रोसेलिनीने रस्त्यावरच्या फोटोग्राफरांकडून उरलेसुरले फिल्मचे तुकडे गोळा केले, डझनभर जातींची फिल्म वापरली, म्हणून असं झालं. १९९५च्या जीर्णोद्धारात मूळ निगेटिव्ह तपासली तेव्हा फिल्म तीनच प्रकारची निघाली. बाहेरच्या दृश्यांना फेर्रानिया सी-६, आणि आतल्या दृश्यांना जास्त संवेदनशील अशी आग्फा सुपर पॅन आणि आग्फा अल्ट्रा रॅपिड. दोष धुलाईचा होता. डेव्हलपरमध्ये फिल्म कधी कमी वेळ, कधी जास्त वेळ राहिली आणि रसायन नीट ढवळलं गेलं नाही. त्यामुळे एकाच दृश्यात उजेड वरखाली होतो.

जीर्णोद्धारित प्रत पाहिल्याचा फायदा मान्यानीपुरता सांगायचा तर डोळे. जुन्या, प्रतीवरून प्रत काढलेल्या कॉपीत तिच्या डोळ्यांखालची वर्तुळं काळ्या डागासारखी दिसतात आणि नजर हरवते. चांगल्या प्रतीत नजर कुठे सरकते ते दिसतं. तिचा अर्धा अभिनय तिथे आहे.

चिनेचित्ता स्टुडिओत तेव्हा निर्वासितांची छावणी होती. म्हणून गेस्टापोचं कार्यालय आणि छळाची खोली व्हिया देल्यी आव्हिन्योनेझीवरच्या एका रिकाम्या हॉलमध्ये उभी केली. पिनाचा मृत्यू मात्र खऱ्या रस्त्यावर, व्हिया मोंतेकुक्कोली.

कौशिकी

रिळवाला, सागवान, दोघांचे आभार. पिनाच्या प्रसंगाबद्दल आता लिहिते, कारण तो सगळ्यांनी पाहिलाय आणि तरी पाहिलेला नसतो.

त्यामागे खरी घटना आहे. ३ मार्च १९४४ रोजी रोमच्या व्हियाले ज्युलिओ चेझारेवरच्या बराकीसमोर तेरेझा गुल्लाचे नावाच्या गरोदर बाईला जर्मन सैनिकाने गोळी घातली. तिच्या नवऱ्याला पकडून आत ठेवलं होतं. पटकथेत तिची पिना झाली. पिनाही गरोदर आहे, त्याच दिवशी तिचं फ्रान्चेस्कोशी लग्न व्हायचंय, आणि त्यालाच जर्मन ट्रकमधून पकडून नेतायत.

आता पडद्यावर बघा. ती सैनिकाला झटकते, दारातून बाहेर येते, 'फ्रान्चेस्को' अशा हाका मारत धावते. काही क्षण कॅमेरा ट्रकवरून तिच्याकडे पाहतो. ती आपल्याकडे धावत येते, उजवा हात वर. गोळीचा आवाज येतो आणि ती पडते. मान्यानी इथे 'मरण' करत नाही. छातीला हात लावणं नाही, चेहरा वेडावाकडा करणं नाही. धावण्याचा वेग अंगात असतानाच पाय जातात आणि ती पुढच्या पुढे रस्त्यावर आदळते. ओरडणं अर्ध्या शब्दावर तुटतं. मग पोरगा मार्चेल्लो येऊन तिच्या अंगावर पडतो आणि डॉन पिएत्रो तिला मांडीवर घेतो. लांबलचक दृश्य आठवतं आपल्याला, पण प्रत्यक्षात फार थोडी सेकंदं आहेत.

या भूमिकेसाठी इटालियन समीक्षकांचं नास्त्रो दार्जेंतो हे पारितोषिक मिळालं ते साहाय्यक अभिनेत्रीचं. हे आज विचित्र वाटतं, पण पडद्यावरचा वेळ मोजला तर बरोबर आहे.

अनघड

मला वाटतं रोसेलिनी मान्यानीला सोडून इन्ग्रिड बर्गमनकडे गेला ते प्रकरण सांगितल्याशिवाय मान्यानीची कारकीर्द कळणार नाही. ते ताटभर स्पगेटी डोक्यावर ओतल्याचं वगैरे.

कौशिकी

@अनघड, स्पगेटी राहू द्या. त्या प्रकरणाचा कारकिर्दीशी संबंध आहे तेवढा सांगते. १९४९च्या उन्हाळ्यात सिसिलीच्या उत्तरेला एओलियन बेटांवर एकाच वेळी दोन चित्रपट चालू होते. स्ट्रॉम्बोलीवर रोसेलिनी-बर्गमन, आणि शेजारच्या वुल्कानोवर विल्यम डिटर्ले-मान्यानी. 'वुल्कानो'चा रोममधला पहिला खेळ २ फेब्रुवारी १९५०ला होता. प्रोजेक्टरचा दिवा गेला, आणि त्याच दिवशी बर्गमनला मुलगा झाल्याची बातमी आल्याने पत्रकार उठून गेले. चित्रपट बुडाला. पण 'वुल्कानो' वाईट नाही. त्यातली पाण्याखालची दृश्यं फ्रान्चेस्को आल्लियाताच्या सिसिलियन चमूने केली आणि ती त्या काळात नवीन होती. मान्यानीची भूमिका मात्र एकाच पट्टीत जाते. क्रमात मी तो घातला नाही तो त्यामुळे, भांडणामुळे नव्हे.

रोसेलिनीने तिच्यासाठी केलेलं खरं काम म्हणजे 'लामोरे'. सुरुवातीलाच पाटी येते की हा चित्रपट आन्ना मान्यानीच्या कलेला वाहिलेला आहे. दोन भाग. पहिला झ्यां कोक्तोच्या 'मानवी आवाज' या एकपात्री नाटिकेवर: एक खोली, एक फोन, सोडून जाणाऱ्या प्रियकराशी शेवटचं बोलणं. पलीकडचा आवाज आपल्याला ऐकूच येत नाही. अभिनय शिकणाऱ्या कुणीही हा भाग एकदा आवाज बंद करून पाहावा. पलीकडचा माणूस कधी बोलतोय, कधी खोटं बोलतोय, कधी गप्प आहे हे तिच्या ऐकण्यावरून समजतं.

मृण्मयी_ड

'लामोरे'च्या दुसऱ्या भागाबद्दल मी लिहू का? 'इल मिराकोलो', म्हणजे चमत्कार. अमाल्फीच्या किनाऱ्यावर चित्रित झालेला. नान्नी ही भोळसट, गावाने टाकलेली शेळ्या राखणारी बाई. एका वाटसरूला ती संत जोसेफ समजते, तो तिला दारू पाजतो, ती गरोदर राहते आणि पोटातलं मूल देवाचंच मानते. वाटसरू झालाय खुद्द फेलिनी. त्याने केस पिवळे करून घेतले होते, आणि त्याला संपूर्ण चित्रपटात एकही वाक्य नाही. बोलते ती एकटी. आधी श्रद्धेने, मग दारूने जीभ जड होत.

हा भाग अमेरिकेत कायद्याच्या इतिहासात गेला. डिसेंबर १९५०मध्ये न्यूयॉर्कच्या पॅरिस थिएटरात तो आणखी दोन फ्रेंच लघुपटांबरोबर लागला. कॅथलिक संघटनांनी निदर्शनं केली, फेब्रुवारी १९५१मध्ये राज्याने परवाना काढून घेतला. वितरक जोसेफ बर्स्टिन सर्वोच्च न्यायालयापर्यंत गेला आणि मे १९५२मध्ये न्यायालयाने एकमताने निकाल दिला की 'धर्मद्रोही' म्हणून चित्रपट अडवता येणार नाही, चित्रपटालाही अभिव्यक्तीचं घटनात्मक संरक्षण आहे. १९१५च्या निकालात चित्रपट हा निव्वळ धंदा मानला होता, तो निकाल यामुळे मागे पडला.

पाहताना एक करा. शेवटी ती एकटी डोंगर चढते, रिकाम्या चर्चपाशी पोचते आणि कळा सुरू होतात. तिथे तिचे हात बघा. दगड, कडी, भिंत, जे सापडेल ते धरते आणि सोडते.

तिसरी घंटा

कौशिकीताई, रेव्ह्यूचा उल्लेख एका वाक्यात उरकलात. माझ्या मते सगळं तिथेच आहे.

रेव्ह्यूत नटाला तीन गोष्टी रोज रात्री सिद्ध कराव्या लागत. प्रेक्षकांनी मध्येच मारलेल्या शेऱ्याला उत्तर देऊन मूळ वाक्यावर परत येणं. गाण्यातून बोलण्यात आणि बोलण्यातून गाण्यात सांधा न दिसता जाणं. आणि हशा संपण्याच्या किंचित आधी पुढचं वाक्य टाकणं. हशा पूर्ण विरला तर प्रसंग थंड पडतो, फार लवकर टाकलं तर वाक्य हशात बुडतं. चित्रपटात हशा ऐकू येत नाही, तरी मान्यानी ती जागा सोडते. 'बेल्लिस्सिमा'तल्या शेजारणींच्या भांडणात हे स्पष्ट दिसतं. दहा बाया एकदम बोलतायत, पण तिचं वाक्य कधीच हरवत नाही, कारण ती इतरांच्या श्वासाच्या फटीत बोलते.

याचा थेट पुरावा हवा असेल तर 'सियामो दोन्ने' (१९५३) या पाच भागांच्या चित्रपटातला व्हिस्कोंतीने केलेला शेवटचा भाग बघा. ती स्वतःचीच भूमिका करते. मांडीवर डॅक्सहुंड कुत्रा घेऊन टॅक्सीने थिएटरला निघालीय. टॅक्सीवाला कुत्र्याचा एक लिरा जादा मागतो. ती म्हणते, मांडीवरच्या कुत्र्याला पैसे पडत नाहीत. तो म्हणतो, हा मांडीवरचा कुत्रा नव्हे. एका लिरापायी प्रकरण पोलिसांपर्यंत जातं आणि तिला त्याहून कितीतरी जास्त भुर्दंड पडतो. मग ती धावतपळत थिएटरात पोचते आणि भांडणाचा मागमूस चेहऱ्यावर न ठेवता रोमन गाणं गाते. गाण्यात उभं राहण्याची पद्धत बघा. जवळजवळ हालचाल नाही. भांडताना जी बाई चारी दिशांना हात फेकत होती, ती गाताना फक्त मान आणि नजर वापरते.

कौशिकी

@तिसरी घंटा, तुमचा प्रतिसाद मूळ धाग्यात असायला हवा होता इतका नेमका आहे.

आता 'बेल्लिस्सिमा'. दिग्दर्शक व्हिस्कोंती. त्याला ती खरं तर आपल्या पहिल्या चित्रपटासाठी, 'ओस्सेस्सिओने'साठी (१९४३) हवी होती. ती गरोदर असल्याने भूमिका क्लारा कालामाईकडे गेली. म्हणजे ही जोडी जमायला जवळपास दहा वर्षं लागली.

मद्दालेना घरोघरी जाऊन इंजेक्शनं देते. चिनेचित्तात एका चित्रपटासाठी लहान मुलीची निवड चाललीय, दिग्दर्शक आलेस्सांद्रो ब्लाझेत्ती स्वतःच्याच भूमिकेत. मद्दालेना आपल्या मारियाला तिथे घुसवते आणि मग फोटोग्राफर, बॅले, फ्रॉक, अभिनयाची शिकवणी, यांत एकेक करून साठवलेले पैसे जातात. स्टुडिओत ओळखी असल्याचं सांगणारा आन्नोवात्सी तिच्याकडून पन्नास हजार लिरा घेतो आणि त्याची लॅम्ब्रेटा घेतो.

तीन जागा नक्की थांबून बघा. पहिली, आरशासमोर केस विंचरताना ती स्वतःशीच बोलते की अभिनय म्हणजे काय, मी दुसरीच कुणी आहे असं मानलं की झाला अभिनय. हे म्हणताना ती आवाज बदलून दाखवतही नाही. सहज, केसांतून फणी फिरवत. शिकलेल्या नटीच्या तोंडी न शिकलेल्या बाईचं अभिनयाबद्दलचं मत आहे, आणि ती कुठेही 'मला हे ठाऊक आहे' अशी खूण प्रेक्षकाला करत नाही.

दुसरी, नदीकाठी आन्नोवात्सी जवळीक करू पाहतो तेव्हाची. तो लबाड आहे हे तिला कळलंय, तिला तो थोडा आवडतोही, आणि ती त्याला हसत हसत परतवते. या प्रसंगात तिने एकदाही आवाज चढवलेला नाही. ज्यांना ती फक्त आरडाओरडा करणारी वाटते त्यांनी हा आधी पाहावा.

तिसरी, प्रोजेक्शनच्या खोलीतली. संकलन विभागातल्या ईरिसच्या मदतीने मायलेकी लपून स्क्रीन टेस्ट पाहतात. ही ईरिस म्हणजे लिलियाना मान्चिनी. तिने कास्तेल्लानीच्या एका चित्रपटात खरंच मुख्य भूमिका केली होती. इथे ती त्याच इतिहासासह येते आणि पुढे काम मिळालं नाही म्हणून आता फिल्म जोडते असं सांगते. पडद्यावर मारिया रडायला लागते आणि खाली बसलेली मंडळी हसतात. काचेमागून मान्यानीचा चेहरा दिसतो. पहिल्या हशाला ती अजून पडद्याकडेच पाहतेय. दुसऱ्या हशाला नजर खाली, हसणाऱ्यांकडे वळते. ती नजर वळण्यासाठी तिने घेतलेला वेळ, त्यात सगळा चित्रपट फिरतो.

शेवटी करार घरी चालत येतो आणि ती नाकारते. बाहेरच्या उघड्या थिएटरातून बर्ट लँकेस्टरचा आवाज येतो आणि ती नवऱ्याला कौतुकाने तो ऐकवते. चारच वर्षांनी 'द रोझ टॅटू'त ती त्याच लँकेस्टरसमोर उभी राहिली आणि त्या भूमिकेसाठी तिला ऑस्कर मिळालं.

उंबरठा

नवऱ्याचं काम करणारा नट कोण? फार खरा वाटतो.

रिळवाला

गास्तोने रेन्झेल्ली. नट नव्हे, रोमच्या कत्तलखान्यात काम करणारा माणूस. मान्यानीला अशा अनुभव नसलेल्या लोकांबरोबर काम करणं जमायचं. ती समोरच्याची चूक झाकत नसे, तिला उत्तर देत असे. तो अडखळला तर तिचं पात्रही थबकतं, आणि मग ते अडखळणं प्रसंगाचाच भाग होतं.

सागवान

'द गोल्डन कोच'वर कुणी लिहिलं नाही म्हणून मी. ज्याँ रेन्वारने बंगालात 'द रिव्हर' केला, त्यानंतरचा लगेचचा हा चित्रपट, आणि छायाचित्रकारही तोच: पुतण्या क्लोद रेन्वार. टेक्निकलर, संगीत विवाल्दीचं. अठराव्या शतकात पेरूमध्ये येऊन पडलेली इटालियन नाटकमंडळी आणि त्यातली कामिल्ला. तिच्यामागे तीन पुरुष: व्हाइसरॉय, बैलझुंजीवाला आणि एक तरुण सरदार.

इथे नियम उलटा. चित्रीकरण इंग्रजीत झालं आणि रेन्वारला इंग्रजी आवृत्तीच खरी वाटत असे. इंग्रजीत मान्यानीचा स्वतःचा आवाज आहे, म्हणून इंग्रजीच बघा. इंग्रजी तिला तेव्हा जेमतेम येत होतं आणि ते ऐकू येतं. शब्दांवर जोर चुकीच्या जागी पडतो, पण कामिल्ला ही परमुलखात आलेली नटी असल्याने ते खपून जातं. रेन्वारने कॅमेरा बराच लांब आणि स्थिर ठेवलाय, रंगमंचासारखा. त्यामुळे ती पायापासून डोक्यापर्यंत दिसते. तिचं चालणं पाहायचं असेल तर याहून चांगला चित्रपट नाही.

मृण्मयी_ड

'द रोझ टॅटू' हे नाटक टेनेसी विल्यम्सने तिला डोळ्यांसमोर ठेवून लिहिलं. १९५१ला ब्रॉडवेवर करायला तिने नकार दिला, कारण रोज रात्री इंग्रजीत नाटक पेलण्याची खात्री नव्हती. तिथे मॉरीन स्टेपलटनने केलं. चित्रपट डॅनियल मानने की वेस्टला, विल्यम्सच्या घराला लागून असलेल्या घरात चित्रित केला. छायाचित्रण जेम्स वाँग हाउ यांचं, कृष्णधवल, व्हिस्टाव्हिजन. त्यांनाही ऑस्कर मिळालं. मार्च १९५६च्या समारंभाला मान्यानी हजर नव्हती, तिच्या वतीने चित्रपटात तिच्या मुलीचं काम करणाऱ्या मारिसा पाव्हानने स्वीकारलं. अभिनयाचं ऑस्कर मिळालेली ती पहिली इटालियन अभिनेत्री.

सेराफिना ही सिसिलियन शिवणकाम करणारी विधवा. इंग्रजी बोलते, चिडली की इटालियनमध्ये घसरते. या घसरण्याच्या जागा फार विचाराने ठेवल्यात. माझा आक्षेप एकच: लँकेस्टर इटालियन ट्रकवाला म्हणून फार उड्या मारतो. त्याच्या प्रसंगांत मान्यानी मुद्दाम मंद होते. ती थांबते आणि त्याला दमू देते.

यानंतर जॉर्ज क्यूकरचा 'वाइल्ड इज द विंड' (१९५७). पुन्हा ऑस्कर नामांकन आणि बर्लिनला अभिनेत्रीचं पारितोषिक. आणि सिडनी ल्युमेटचा 'द फ्युजिटिव्ह काइंड' (१९६०), समोर मार्लन ब्रँडो. हा मला फसलेला वाटतो. ब्रँडो वाक्य गिळतो, मान्यानीला पकडायला वाक्याचं टोक लागतं. ते तिला मिळत नाही.

अनघड

आणि लॉरेनचा 'टू विमेन' आधी मान्यानीला देऊ केला होता हे खरं ना?

कौशिकी

हो. मान्यानीने आईचं आणि लॉरेनने मुलीचं काम करायचं असा पहिला बेत होता. मान्यानीला लॉरेनची आई होणं मान्य नव्हतं. मग लॉरेननेच आई केली आणि मुलीचं वय खाली आणलं. १९६२ला लॉरेनला ऑस्कर मिळालं, इंग्रजीखेरीज दुसऱ्या भाषेतल्या भूमिकेसाठीचं अभिनयाचं पहिलं. मान्यानीचं ऑस्कर इंग्रजी भूमिकेसाठी होतं. दोन्ही विधानं जालावर सर्रास एकमेकांत मिसळतात.

तशीच आणखी एक चूक दिसते: तिचा जन्म इजिप्तमधल्या अलेक्झांड्रियात झाला अशी. आई पुढे तिकडे गेली होती. जन्म रोमचाच, आणि ती स्वतः ते ठासून सांगत असे.

रिळवाला

'मम्मा रोमा'. दिग्दर्शक पासोलिनीचा दुसरा चित्रपट, १९६२च्या व्हेनिस महोत्सवातला.

मम्मा रोमा ही वेश्या, कार्मिने तिचा दलाल. सुरुवात कार्मिनेच्या लग्नाच्या जेवणाने. मम्मा रोमा चक्क डुकरं घेऊन शिरते आणि मग ती, नवरा आणि नवरी यांच्यात गाण्यातून टोमणे सुरू होतात. आपल्या फडातल्या सवाल-जवाबासारखंच ते. कडवं समोरच्याने संपवायच्या आत उत्तराची तयारी चेहऱ्यावर दिसते. रेव्ह्यूतलं अख्खं शिक्षण या पाच मिनिटांत वसूल झालंय.

मग रात्रीच्या दोन चाली. ती रस्त्यावरून आपल्या दिशेने चालत येते, कॅमेरा तेवढ्याच वेगाने मागे सरकतो. पार्श्वभूमीला काळोख आणि दिव्यांचे ठिपके. माणसं एकेक करून तिला येऊन मिळतात, दोन वाक्यं ऐकतात, गळतात, दुसरी येतात. ती बोलत राहते: लहान वयात म्हाताऱ्याशी लावून दिलेलं लग्न वगैरे. पहिल्या चालीत ती धंदा सोडतेय म्हणून हसतेय. दुसऱ्या चालीत कार्मिनेने तिला परत त्याच रस्त्यावर आणलंय. मांडणी तीच, वेग तोच. दोन्ही लागोपाठ लावून पाहा. पहिलीत ती येणाऱ्या प्रत्येकाकडे वळून बोलते. दुसरीत वळत नाही.

पासोलिनी तुकड्यातुकड्यांत चित्रित करायचा, एक नजर, एक वाक्य, कट. मान्यानीला सलग प्रसंग लागत असे, चढ बांधायला जागा लागत असे. या दोन चाली सलग असल्याने तिथे ती पूर्ण मोकळी आहे. काही ठिकाणी मात्र चढाच्या मध्येच कट येतो आणि भावना अचानक उगवल्यासारखी वाटते. तो तिचा दोष नाही.

शेवटी ती खिडकीकडे धावते, लोक तिला धरतात आणि समोर घुमट दिसतो. तो सेंट पीटरचा नव्हे. तो तुस्कोलाना भागातल्या डॉन बोस्को चर्चचा, नव्या वस्तीचा घुमट आहे. चांगल्या घरात राहायला आल्याची तिची जी स्वप्नं, त्यांचा तो शेजार आहे.

तिसरी घंटा

विनोदी मान्यानीसाठी मोनिचेल्लीचा 'रिझाते दि ज्योइया' (१९६०) जरूर. नवीन वर्षाची रात्र, ती चिनेचित्तातली एक्स्ट्रा, तोतो विम्यासाठी खोटे अपघात घडवणारा. त्या दोघांची रंगमंचावरची जुनी जोडी चित्रपटात हाती लागते ती इथेच. दोघांचा एकत्र गाण्याचा तुकडा आहे, तो रेव्ह्यू कसा असेल याची कल्पना देतो. 'लोनोरेवोले अंजेलिना' (१९४७) हाही बघा, वस्तीतल्या बायकांची पुढारी. त्यासाठी व्हेनिसला तिला पारितोषिक मिळालं. तोही अर्धा विनोदीच आहे.

सागवान

आपल्याकडचा दुवा: जानेवारी १९५२मध्ये मुंबईत भरलेल्या पहिल्या आंतरराष्ट्रीय चित्रपट महोत्सवात 'रोम, ओपन सिटी' होता, 'बायसिकल थीव्ह्ज'च्या बरोबरीने. नंतर महोत्सव मद्रास, दिल्ली, कलकत्त्याला गेला. नववास्तववादाबद्दल, म्हणजे खऱ्या रस्त्यांवर साध्या माणसांच्या गोष्टी सांगणाऱ्या त्या काळच्या इटालियन चित्रपटांबद्दल, बोलताना आपण नेहमी डि सिकाची सायकल आठवतो. पिनाही त्याच खेपेला आली होती.

उंबरठा

शेवटच्या काळातलं काही? १९६२नंतर एकदम पोकळी दिसते.

कौशिकी

पोकळी नाही, तिने जागा बदलली. १९६५ला झेफिरेल्लीच्या दिग्दर्शनात व्हेर्गाचं 'ला लूपा' रंगमंचावर, त्यानंतर आनुईचं 'मेदेआ'. चित्रपटात 'द सीक्रेट ऑफ सांता व्हित्तोरिया' (१९६९), अँथनी क्विनशी भांडणारी बायको. आणि १९७१ला आल्फ्रेदो जान्नेत्तीने इटालियन टीव्हीसाठी केलेले चित्रपट, संगीत एन्नियो मोर्रिकोनेचं. त्यातला 'ला शांतोझा' आधी घ्या: उतरणीला लागलेली गायिका पहिल्या महायुद्धात आघाडीवरच्या सैनिकांपुढे गायला जाते. त्यानंतर 'लाउतोमोबिले', म्हातारपणाकडे झुकलेली वेश्या मोटार विकत घेते. उपशीर्षकांसह प्रती सहज मिळत नाहीत. मिळाली तर आधी थोडा भाग लावून आवाज आणि उपशीर्षकं जुळतायत का तपासा. टीव्ही प्रसारणावरून उतरवलेल्या प्रतीत जाहिरातींच्या जागा कापलेल्या असतात आणि पुढची उपशीर्षकं तेवढ्या सेकंदांनी मागेपुढे होतात. बहुतेक प्लेअरमध्ये ती सरकवून जुळवता येतात, पण प्रत्येक कापानंतर पुन्हा जुळवावी लागतात.

फेलिनीच्या 'रोमा'त (१९७२) ती शेवटची दिसते. रात्री घराच्या दाराशी फेलिनी प्रश्न विचारू पाहतो. ती म्हणते, तुझा भरवसा नाही, जा झोप, आणि दार लावते. २६ सप्टेंबर १९७३ला ती गेली. स्वादुपिंडाचा कर्करोग होता.

मृण्मयी_ड

क्रमात 'नेल्ला चित्ता लिन्फेर्नो' (१९५९) घालायचा राहिला का? तुरुंगात मान्यानी आणि ज्युलिएत्ता मासिना समोरासमोर आहेत.

कौशिकी

घाला, 'रोझ टॅटू' आणि 'मम्मा रोमा'च्या मध्ये. मासिना थोडक्यात आणि टोकदार करते, मान्यानी पसरट आणि मोठं. पहिल्या अर्ध्या भागात मान्यानी वरचढ वाटते, दुसऱ्या भागात मासिनाचं पात्र निर्ढावतं तेव्हा मान्यानी एकदम लहान होते. एकाच कोठडीतल्या दृश्यांत कोण उभी आहे आणि कोण बसलीय एवढंच लक्षात ठेवून पाहा.